दोन वर्षांचा थकलेला पगार

'आरआरआर' मी थिएटरात पाहिलाच नाही. २०२२ च्या मार्चमध्ये तो लागला तेव्हा सगळे त्या गाण्यावर पाय आपटत होते आणि मी नेहमीसारखी कशात तरी अडकलेली होते. दिवाळीत माहेरी सिन्नरला गेले, तर पाडव्याच्या दुपारी भाच्यांनी टीव्हीवर लावला. हिंदीतला. अण्णा त्यांच्या खुर्चीत, पाय स्टुलावर, हातात चिवड्याची वाटी. अण्णा म्हणजे माझे वडील. पोलीस खात्यातून सहायक फौजदार म्हणून निवृत्त झाले त्याला आता बरीच वर्षं झाली, पण टीव्हीवर खाकी दिसली की त्यांची पाठ अजून आपोआप ताठ होते.

सिनेमाच्या सुरुवातीलाच ठाण्याबाहेर हजारोंचा जमाव आहे. गोऱ्या साहेबाला त्यातला दगड मारणारा एक माणूस हवाय. रामचरणचा राम, अंगावर खाकी, कुंपणावरून थेट त्या गर्दीत उडी घेतो आणि शेकडो माणसांचा मार खात, मार देत, त्या एकाला ओढत घेऊन येतो. भाचे श्वास रोखून बसलेले. अण्णा म्हणाले, "दगड कोणी मारला ते पाहिलं ना त्यानं? मग आता कशाला जातो आत? रात्री घरून उचलायचा."

सगळे हसले. अण्णांनी विनोद केला नव्हता.

त्यानंतरच्या एका प्रसंगाला मात्र त्यांनी चिवड्याची वाटी खाली ठेवली. बढतीची नावं पुकारली जातात आणि एवढा पराक्रम केलेल्या रामचं नाव त्यात नसतं. तो जाऊन गुद्दे मारायच्या पिशवीवर राग काढतो. "नाही ना आलं नाव?" अण्णा म्हणाले. आवाजात वाईट वाटणं कमी, ओळख पटल्याचा आनंद जास्त. मग बराच वेळ ते खरंच सिनेमा पाहत होते. राम आपल्याच मित्राला, भीमाला, पकडतो, हे सगळं त्यांनी न बोलता पाहिलं. मग उलगडा होतो, की हा पोलिसात शिरलाच मुळी बंदुका मिळवायला. बापाला वचन दिलंय, गावातल्या प्रत्येकाच्या हातात बंदूक देईन. नोकरी, निष्ठा, बढतीची धडपड, सगळं त्यासाठी.

"म्हणजे हा पोलीस नव्हताच," अण्णा म्हणाले. "वेषांतर होतं." आणि खुर्चीतच झोपले.

राजामौलींच्या सिनेमावर माझा राग नाही. पूल, नदी, घोडा, मोटरसायकल, सगळं मी डोळे विस्फारून पाहिलं आणि भाच्यांबरोबर नाचलेसुद्धा. पण अण्णांचं ते वाक्य डोक्यातून जाईना. इंग्रजांविरुद्ध उभा राहिलेला पोलीस दाखवायचा तर सिनेमाला एक गोष्ट आधी करावी लागते, त्याला आतून पोलीस नसलेला करावं लागतं. गणवेश हा नुसता अंगरखा, आत दुसराच माणूस. मग पुढे त्यानं भीमावर चाबूक चालवला तरी आपल्याला फार लागत नाही, कारण तो खरा मारत नाहीये हे आपल्याला ठाऊक असतं.

ज्यांच्या घरात खाकी असते त्यांना मात्र माहीत असतं, की ती अंगावरून उतरली तरी उतरत नाही. लहानपणी परेडच्या आदल्या रात्री अण्णांच्या पट्ट्याचं बक्कल घासायचं काम माझ्याकडे असायचं. जुन्या बनियनचा तुकडा, ब्रासोचे दोन थेंब. आधी पितळ काळं पडतं, आणखीच घाण झाल्यासारखं दिसतं, बोटांची टोकं काळी होतात आणि त्याला एक आंबूस वास येतो. मग कोरड्या कापडानं घासत राहायचं, आणि अचानक त्यात स्वतःचं नाक दिसायला लागतं. एका वर्षी ज्येष्ठता यादीत अण्णांचं नाव असायला हवं होतं तिथे दुसऱ्याचंच नाव आलं. का, ते आम्हाला कधी कळलं नाही. त्या रात्री त्यांनी बक्कल माझ्याकडे दिलं नाही. स्वतः घासत बसले, कितीतरी वेळ. चकचकीत झालं तरी घासत होते. सकाळी तेच लावून ड्युटीवर गेले.

आता नांदूर-शिंगोट्याकडे येते.

पुण्याहून येताना संगमनेर मागे पडलं की सिन्नरच्या आधी हे गाव लागतं. इथून मी आईला फोन करायचे, भात टाक म्हणून. माझ्यासाठी या गावाचं महत्त्व वर्षानुवर्षं एवढंच होतं. कांद्याचे ट्रॅक्टर आडवे आले की दहा मिनिटं जायची, मग मी आणखी एक फोन करायचे. बाजूच्या टेकड्यांकडे कधी नीट पाहिलंही नव्हतं. भागोजी नाईक हे नाव कानावर होतं, जसं आपल्या भागातल्या कुठल्याही वीराचं असतं. चौकात, जयंतीच्या फलकावर, भाषणात. तो १८५७ मध्ये इंग्रजांशी लढलेला भिल्ल पुढारी, इतकंच. मुंबई इलाख्याच्या जुन्या गॅझेटियरात त्याच्यावरची दीड-दोन पानं वाचली, तेव्हा पहिल्याच ओळीला थबकले. भागोजी आधी अहमदनगरच्या पोलिसांत अधिकारी होता.

१८५५ साली त्याच्यावर दंगा करण्याचा आणि पोलिसांना अडथळा आणण्याचा गुन्हा शाबीत झाला. पोलिसावरच पोलिसांना अडथळा आणण्याचा गुन्हा! तुरुंगवास झाला. सुटल्यावर वर्षभर चांगल्या वर्तणुकीचा जामीन द्यावा लागला. ती मुदत संपते न संपते तोच १८५७ उजाडलं आणि सरकारनं सगळ्यांची हत्यारं काढून घ्यायचा हुकूम काढला. भागोजी गाव सोडून बाहेर पडला. पन्नासेक माणसं त्याला मिळाली आणि गावापासून मैलभरावर, पुणे-नाशिक रस्ता नजरेच्या टप्प्यात राहील अशा जागी तो जाऊन बसला. तोच रस्ता, जिथून मी भाताचा फोन करते.

४ ऑक्टोबर १८५७. पोलीस सुपरिंटेंडेंट लेफ्टनंट हेन्री नांदूर-शिंगोट्याला आला. बरोबर तीस शिपाई आणि तलवारी दिलेले वीस महसुली पट्टेवाले. त्यानं आधी संगमनेरच्या आणि सिन्नरच्या मामलेदारांना बोलणी करायला वर पाठवलं. हत्यारं खाली ठेवा म्हणावं. भागोजीनं अटी सांगितल्या. दोन वर्षांचा थकलेला पगार द्या. आणि एक तर मला माझ्या जुन्या जागेवर घ्या, नाही तर गावचा पाटील करा.

मी हे दोनदा वाचलं. उत्तर हिंदुस्थान पेटलेला, दिल्ली नुकतीच इंग्रजांनी परत घेतलेली, आणि इथे टेकडीवर बसलेला बंडखोर काय मागतोय? थकबाकी आणि नेमणूक. यात ना सिंहासन, ना धर्म, ना स्वराज्य. चौकातल्या फलकावर यातलं काहीच लिहिता येत नाही, आणि लिहिलेलंही नसतं.

अण्णांना फोन करून वाचून दाखवलं. पलीकडे थोडा वेळ शांतता. मग त्यांनी विचारलं, "शिक्षा कधी झाली म्हणालीस?"

"पंचावन्न साली."

"आणि हे सत्तावन्नला. मग बरोबर आहे. सस्पेन्शन पिरियड ड्युटी पिरियड धरा म्हणतोय तो."

मी हसायला लागले, आणि मग हसू थांबलं. गॅझेटियरमध्ये हे गणित नाही, ते अण्णांचं आहे. कदाचित चुकीचंही असेल, ती दोन वर्षं वेगळ्याच कुठल्या हिशेबातली असतील. पण सरकारी नोकरीत आयुष्य काढलेल्या कुणालाही विचारा, हे वाक्य काय असतं ते. निलंबनाचा काळ सेवाकाळ धरला, की तो पुसला जातो. म्हणजे मी गुन्हा केलाच नव्हता, तुम्ही मला हटवलंत तेच चूक होतं, त्या दिवसांतही मी तुमच्या हजेरीपटावर होतो. पैशाची ही मागणी पैशापुरती नसते. टेकडीवर पन्नास माणसं आणि बंदुका घेऊन बसलेला माणूस सरकारला सांगत होता, तुमचं राज्य मला नको असं मी अजून म्हणत नाही, आधी तुमची नोंद दुरुस्त करा.

मामलेदारांनी हा निरोप खाली येऊन साहेबाला कसा सांगितला असेल, याचं मला फार कुतूहल आहे. 'बॅक पे'ला त्यांनी काय शब्द वापरला असेल? आणि सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर काय असेल? तेही पगारीच माणसं. निरोप ऐकून हेन्रीनं पुढे चालून जायचा हुकूम दिला. पहिल्या गोळीला त्याच्या जवळचा माणूस पडला. हेन्री पुढे धावला, जखमी झाला, तरी थांबला नाही, आणि मग छातीत गोळी लागून मेला. त्याच्या दुय्यम अधिकाऱ्यानं हल्ला चालू ठेवला, भिल्ल मागे हटले. पण त्या एका दिवसानं सगळा भिल्ल मुलूख उठला. राहुरीकडे पाथर्जी नाईकानं वेगळी टोळी उभी केली. भागोजी पुढची दोन वर्षं हाती लागला नाही.

शेवट ११ नोव्हेंबर १८५९ ला, मिठसागरेला. हेही सिन्नर तालुक्यातच. फ्रँक सूटर या पोलीस अधिकाऱ्यानं टोळीला गाठलं आणि भागोजी बहुतेक साथीदारांसह मारला गेला. कर्नाटकातल्या नरगुंदच्या बंडखोर राजाला पकडणारा सूटर तो हाच. पुढे १८६४ पासून चोवीस वर्षं तो मुंबईचा पोलीस कमिशनर होता, 'सर' झाला. बढतीच्या यादीत त्याचं नाव कधी चुकलं नसावं.

एकदा हा धागा हातात आला की सह्याद्रीच्या या पट्ट्यात तो जिकडेतिकडे दिसायला लागतो. नगरकडच्या अकोल्याचा राघोजी भांगरे, सावकारांची नाकं कापणारा, १८४८ साली ठाण्याच्या तुरुंगात फाशी गेला. त्याचा बाप रामजी हा पोलिसात जमादार होता. उमाजी नाईकाला तर पकडून, सोडून, जमीन देऊन कंपनीनं काही काळ स्वतःच्याच पगारावर राखणीला ठेवलं होतं. तो पुन्हा उठला आणि १८३२ मध्ये पुण्यात फासावर गेला. रामोशी, कोळी, भिल्ल या लोकांकडे पिढ्यान् पिढ्या गडांची, घाटांची, गावांची राखण होती. गाव त्यांना त्याचा हक्क देई. १८१८ नंतर गड ओस पडले, हक्क आटले, आणि उरलेल्यांतल्या काहींना नवीन सरकारनं बिल्ला दिला. राखण तीच, मालक नवा. त्यामुळे या माणसांचं बंड बाहेरून आलेलं नाही. ते हजेरीपटातूनच उठलंय. आणि ते मोडायलाही सरकारनं हजेरीपटच वापरला. भागोजीच्या मागावर कॅप्टन नटॉलच्या हाताखाली कोळ्यांची खास तुकडी उभी केली. राघोजीला फाशी देऊन तेव्हा दहा वर्षंही झाली नव्हती.

विसाव्या शतकातही हे चालूच राहिलं. १९४२ मध्ये जमशेदपूरला शिपायांनी सरकारचा हुकूम मानायचं नाकारलं, त्यांचा पुढारी रामानंद तिवारी हा साधा कॉन्स्टेबल. स्वातंत्र्यानंतर तो बिहारात पोलीस खात्याचाच मंत्री झाला. १९४६ मध्ये नाविकांच्या उठावापाठोपाठ बिहार, दिल्ली, मलबार इथे पोलिसांनी संप केले. कारणं काढून पाहिली तर त्यांतही पगार आणि रेशन असतंच. इतिहासकार अशा वेळी जरा अवघडतात असं मला वाटतं, 'आर्थिक कारणं' आणि 'राष्ट्रीय भावना' असे दोन कप्पे करतात. आमच्या घरात असे कप्पे नव्हते. अण्णांना यादीतून वगळलं तेव्हा त्यांना पैशाचं वाईट वाटलं की मानाचं, हे आईनं कधी विचारलं नाही. तो प्रश्नच तिला सुचला नसता.

ज्या अल्लुरी सीताराम राजूच्या नावावर सिनेमातला राम बेतलाय, तो खऱ्या आयुष्यात कधीच पोलीस नव्हता. सिनेमावाल्यांनीही तसा दावा केलेला नाही, ती कल्पनेची भरारी आहे. पण खऱ्या राजूचं आणि पोलिसांचं जे नातं होतं, ते मला सिनेमापेक्षा विलक्षण वाटतं. ऑगस्ट १९२२ मध्ये त्यानं आंध्रातल्या डोंगराळ मुलखात तीन दिवसांत तीन ठाणी लुटली, चिंतपल्ली, कृष्णदेवीपेटा, राजवोम्मंगी. सव्वीस बंदुका आणि अडीचेक हजार काडतुसं नेली. आणि जाताना ठाण्याच्या डायरीत काय काय नेलं याची नोंद करून गेला! अण्णांना हे प्रचंड आवडलं. "मुद्देमालाची पावती दिली की," म्हणाले. त्यांच्या दृष्टीनं तो माणूस तिथेच पास झाला.

त्याच्या पुढच्या महिन्यातली गोष्ट मी त्यांना सांगितली नाही. २४ सप्टेंबरला दामनपल्लीच्या घाटात राजूची माणसं दबा धरून बसली होती. खालून पोलिसांची तुकडी वर येत होती. पुढे हिंदी शिपाई, मागे गोरे अधिकारी. राजूचा हुकूम असा, की आपल्या माणसांना मारायचं नाही. शिपाई रोखलेल्या बंदुकांसमोरून एकामागून एक गेले. त्यांना जाऊ दिलं. मग स्कॉट कवर्ड आणि हेटर हे दोन अधिकारी टप्प्यात आले आणि दोघंही मारले गेले.

मला त्या पुढे गेलेल्या शिपायांबद्दल जाणून घ्यायचंय. मागे बार उडाल्यावर त्यांच्या लक्षात आलं असेल, की आपण आत्ता चार पावलांपूर्वी तिथूनच चालत आलो. आपल्याला कुणीतरी पाहिलं, नेम धरला, आणि सोडून दिलं. संध्याकाळी कॅम्पात परत आल्यावर जेवताना ते काय बोलले असतील? दुसऱ्या दिवशी पुन्हा पट्टा आवळून निघालेच असतील. राजूला पकडून १९२४ च्या मे महिन्यात गोळ्या घातल्या, तोपर्यंत त्यांतले काही जण त्याच्याच शोधात डोंगर तुडवत असणार. भागोजीवर चालून गेलेले ते तीस शिपाई तसेच. त्यांतला एखादा भागोजीच्या हाताखाली काम केलेला नसेल कशावरून? या लोकांवर सिनेमा निघत नाही. त्यांच्याकडे वचन नव्हतं, पगार होता.

हे त्या शिपायांचं मनात येतं त्याला घरचं कारण आहे. माझे आजोबा, अण्णांचे वडील, १९४२ मध्ये नाशिकला शिपाई होते. शाळेत स्वातंत्र्यसैनिकांवर निबंध लिहायचा तेव्हा मैत्रिणींच्या आजोबांनी तारा तोडलेल्या असायच्या, प्रभातफेऱ्या काढलेल्या असायच्या. माझ्या आजोबांनी त्या फेऱ्यांवर बंदोबस्त केला होता. मी निबंधात दुसऱ्याच कुणाबद्दल लिहायचे.

घरात त्यावर एक उतारा होता, काठीची गोष्ट. आजी सांगायची, चळवळीतली पोरं समोर आली, साहेबानं मारा म्हटलं, आणि आजोबांनी काठी गोदावरीत फेकून दिली. मोठ्या आत्याची गोष्ट याहून भारी. आजोबांनी ती काठी पोरांनाच देऊन टाकली, आणि तिलाच तिरंगा बांधून त्यांनी फेरी काढली. चुलतभावाच्या तोंडी तर हल्ली साहेबाचा घोडाही येतो. काही वर्षांत आजोबा कुंपणावरून उडी मारतील.

कागद मात्र एकच आहे. आजोबांच्या सर्व्हिस शीटचं पान, प्लॅस्टिकच्या पिशवीत, अण्णांच्या कपाटात, गॅसच्या जुन्या पुस्तकाशेजारी. घड्यांवर फाटलेलं, शाई तपकिरी झालेली. त्यात १९४२ च्या सप्टेंबरमधली एक ओळ. सरकारी काठी गहाळ, दंड एक रुपया, काठीची किंमत वेगळी.

त्या पाडव्याला सिनेमा संपल्यावर भाच्यानं विचारलंच. "आबा, पणजोबांनी काठी खरंच नदीत फेकली होती?"

अण्णा नुकतेच जागे झाले होते. "झोपला असेल गस्तीवर," म्हणाले. "कुणीतरी उचलून नेली असेल."

"पण महिना बघा ना, सप्टेंबर बेचाळीस!" मी म्हटलं. मला ती गोष्ट हवी होती. निबंधासाठी आता उशीर झाला होता, तरी हवी होती.

अण्णांनी पान मागवलं. चष्मा शोधला, सापडेपर्यंत कुणाला बोलू दिलं नाही. मग ती ओळ वाचली, तिच्या खालची वाचली, आणि बोट धरून पुढच्या रकान्यात गेले. तिथे काय आहे ते मी इतक्या वर्षांत कधी पाहिलंच नव्हतं.

"इन्क्रिमेंट थांबवलेली नाही," ते म्हणाले. "त्या साली, काठी हरवून, नुसता एक रुपया." पान पुन्हा घडीवर घडी घालून पिशवीत ठेवलं. "साहेब कोण होता बघायला पाहिजे."